जमा, बाकी आणि हक्क : आपल्या तोंडच्या पाहुण्या शब्दांची गोष्ट

(सामुदायिक रेडिओवर झालेलं भाषण)

हातातलं काम आटोपलं असेल तर दोन घटका बसा. आटोपलं नसेल तर भाकरी थापता थापता ऐका, काही बिघडत नाही.

आज आम्ही जगातल्या भाषांबद्दल बोलणार आहोत. गावागावातली पोरं आता कामाला सौदीला, दुबईला जातात, तिथं अरबी बोलतात. शहरात शिकणाऱ्या मुली शाळा-कॉलेजात फ्रेंच, जर्मन असे विषय घेतात. मग गटाच्या बैठकीत बाया विचारतात, ‘या भाषा असतात तरी कशा? आपल्या मराठीशी त्यांचं काही नातं आहे का?’ नातं आहे. एकीशी रक्ताचं, तर दुसरीशी शेजाराचं. ते कसं, ते सांगतो.

त्यासाठी लांब जायची गरज नाही. आपल्या बचत गटाची वही उघडा. वर रकाने आहेत : तारीख, जमा, कर्ज, हप्ता, बाकी, रक्कम, सही. यातले तारीख, जमा, कर्ज, बाकी, रक्कम आणि सही हे सहा शब्द मुळात अरबी. हप्ता तेवढा फारसी, म्हणजे इराणच्या भाषेतला. बचत आणि व्याज हे आपले घरचे. म्हणजे अरबी येत नाही असं म्हणणारी आपली प्रत्येक मैत्रीण दर महिन्याला अरबी शब्दांखाली आकडे मांडते.

हे शब्द आले कुठून? अरबस्तानातून कुणी येऊन आपल्याला शिकवले नाहीत. दख्खनवर बहामनी, निजामशाही, मोगल आणि शेवटी हैदराबादचा निजाम अशी राज्यं झाली. त्यांचा दरबारी कारभार फारसीत चाले, आणि फारसीने अरबीतले हजारो शब्द आधीच आपलेसे केलेले होते. हैदराबाद संस्थानात १८८४ च्या सुमारास फारसी जाऊन उर्दू आली. १९१८ साली हैदराबादला उस्मानिया विद्यापीठ निघालं, तिथं शिक्षणाचं माध्यमही उर्दूच होतं. आपला जालना भाग १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत त्याच संस्थानात होता. आपल्या आज्या-पणज्या घरात, शेतात मराठी बोलत होत्या, पण जमिनीचा कागद मात्र दुसऱ्या भाषेत लिहिला जात होता.

शब्द मात्र कचेरीत बसून राहिले नाहीत. शेजारच्या पैठणच्या एकनाथ महाराजांनी सोळाव्या शतकात ‘अर्जदस्त’ नावाचं भारूड रचलं. कचेरीतल्या अर्जाचा साचा घेऊन त्यांनी परमार्थ सांगितला. लोकांना तो साचा आणि ते शब्द माहीत होते, म्हणूनच ते भारूड लोकांना कळलं. पुढे शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला. कारभारातल्या फारसी-अरबी शब्दांना त्यात संस्कृत शब्द दिले. काही नवे शब्द रुजले, पण जमा-बाकी, हक्क, अर्ज हे लोकांच्या तोंडून गेले नाहीत. शब्द एकदा स्वयंपाकघरात आणि शेतात शिरला की तो घरचाच होतो.

शेतातले शब्द बघा. खरीप आणि रब्बी हे दोन्ही अरबी. अरबीत ‘खरीफ’ म्हणजे शरद ऋतू आणि ‘रबी’ म्हणजे वसंत. ज्या ऋतूत पीक घरात येतं, त्याचं नाव त्या पिकाला पडलं. मशागत हा शब्द अरबीतल्या ‘मशक्कत’वरून आला, अर्थ कष्ट. मोंढ्यावर गेलं की माल, हमाल, दलाल, किंमत, नफा सगळे अरबी. तोटा मात्र आपला मराठी! जमीन, बाजार आणि मजूर हे फारसीतून आले.

आता अरबीचा स्वभाव कसा असतो ते पाहू. अरबीत बहुतेक शब्द तीन अक्षरांच्या मुळातून उगवतात. मूळ तेच राहतं. आत-बाहेर स्वर बदलले, पुढे एखादं अक्षर लावलं की नवा शब्द तयार होतो. एकाच बियाण्यातून आलेली रोपं म्हणा. ‘ह-स-ल’ हे मूळ घ्या, त्यात मिळवणं, गोळा करणं हा अर्थ आहे. त्यातून हासिल म्हणजे मिळालेलं, महसूल म्हणजे गोळा झालेला सारा, आणि तहसील म्हणजे गोळा करण्याचं काम. ज्या तहसील कचेरीसमोर आपण रांगेत उभ्या राहतो, तिच्या नावाचा अर्थच ‘वसुली’ असा आहे. ‘म-ल-क’ यातून मालक आणि मुलूख. ‘द-ख-ल’ म्हणजे आत शिरणं, त्यातून दाखल, दाखला, दखल. ‘व-र-स’ यातून वारस, वारसा आणि मिरासदारातली मिरास. या चार मुळांची ओळख झाली की सरकारी कागदातले बरेच अवघड शब्द आपोआप सुटतात.

मराठी अशी चालत नाही. मराठीत शब्दाला मागून जोड लागते. घर, घरात, घरून, घराला, घरच्यांनी. फ्रेंच आणि इंग्रजीत ‘आत’ हा शब्द घराच्या आधी येतो. अरबीतही आधीच येतो.

फ्रेंचचं नातं निराळं आहे. फ्रेंच ही मराठीची लांबची बहीण, रक्ताची. हजारो वर्षांपूर्वी एक जुनी भाषा होती. तिच्या एका लेकीच्या घरात संस्कृत आणि मग मराठी, हिंदी, गुजराती, बंगाली झाल्या. दुसरीच्या घरात लॅटिन आणि तिच्यापासून फ्रेंच, स्पॅनिश, पोर्तुगीज, इटालियन. इराणची फारसी, रशियाची रशियन, इंग्रजांची इंग्रजी याच मोठ्या घरातल्या. विश्वास बसत नसेल तर आकडे ऐका. आपण म्हणतो तीन, फ्रेंच बाई म्हणते ‘त्र्वा’, रशियन बाई म्हणते ‘त्री’. आपले सात, तिचे ‘सेत’. आपले नऊ, तिचे ‘नफ’. दात म्हणजे ‘दां’, नाव म्हणजे ‘नों’. आणि तू म्हणजे ‘त्यू’. आपल्या वहीतला हप्ता आठवा. फारसीत ‘हफ्त’ म्हणजे सात, हप्ता म्हणजे सात दिवसांचा आठवडा. आपला ‘सप्ताह’ आणि हा ‘हप्ता’ हे सख्खे भाऊच झाले. आता महिन्याला भरला तरी आपण त्याला हप्ताच म्हणतो, एवढंच.

अरबीत मात्र एक, दोन, तीन म्हणजे ‘वाहिद, इस्नान, सलासा’. आपल्या आकड्यांशी त्यांचं काही जुळत नाही. अरबीची बहीण ज्यू लोकांची हिब्रू. म्हणजे अरबीचे इतके शब्द आपल्या घरात नांदतात, तरी ती आपल्या रक्ताची नाही. आणि फ्रेंचचं नाव कधी घेतलं नाही, तरी ती नात्यातली. माणसांतही असंच असतं. नातेवाईक लांब राहतात, आणि वेळेला शेजारीण धावून येते.

इथे एक गैरसमज दूर करू. उर्दू आणि अरबी एक नाहीत. उर्दूची लिपी अरबी-फारसीवरून आली, उजवीकडून डावीकडे लिहितात. पण तिचं व्याकरण इथलं, आपल्या मातीतलं आहे. आपल्या गटातल्या मुस्लिम मैत्रिणी घरात दखनी बोलतात, तांड्यावरच्या मैत्रिणी गोरमाटी बोलतात, बाजारपेठेत मारवाडी ऐकू येते. या सगळ्या मराठीच्या बहिणीच आहेत. लिपी म्हणजे लुगडं. लुगडं निराळं नेसलं म्हणून बाई परकी होत नाही.

वाक्य मांडण्याची रीतही बघण्यासारखी असते. आपण म्हणतो, ‘आईने भाकर केली.’ फ्रेंच, इंग्रजी किंवा चिनी बाई म्हणेल, ‘आईने केली भाकर.’ आणि जुन्या, ग्रंथातल्या अरबीत बहुधा म्हणतील, ‘केली आईने भाकर.’ भाकर तीच, पानात वाढायचा क्रम वेगळा.

आता बाई आणि पुरुष. मराठीत तीन लिंगं आहेत : तो, ती, ते. रशियनमध्येही तीन. फ्रेंच आणि अरबीत दोनच, तिथं दगडधोंडासुद्धा एक तर ‘तो’ नाही तर ‘ती’. फारसीत तर तो आणि ती यांना शब्द एकच. मराठीत आपण म्हणतो ‘मी जाते’, पुरुष म्हणतो ‘मी जातो’. बोलणारी बाई आहे हे आपल्या क्रियापदावरून कळतं. इंग्रजी, फ्रेंच आणि अरबीत ‘मी जाते’ आणि ‘मी जातो’ याला एकच रूप. पण अरबीत समोरच्याला ‘तू’ म्हणताना पुरुषाला ‘अंता’ आणि बाईला ‘अंती’ म्हणावं लागतं. मान द्यायची रीत फ्रेंचमध्ये अगदी आपल्यासारखी. जवळच्याला ‘त्यू’, मोठ्याला ‘व्हू’. व्हू म्हणजे तुम्ही. एका माणसाला मान देण्यासाठी अनेकवचन, हे तिथल्याही सासूबाईंना चालतं.

आणि एक गोष्ट अशी आहे, जी मराठीत आहे आणि अरबी, फ्रेंच, इंग्रजी यांच्याजवळ नाही. ती म्हणजे ‘आम्ही’ आणि ‘आपण’ यांतला फरक. ‘आम्ही बाजारला जातो’ म्हटलं की ऐकणारी घरी राहिली. ‘आपण बाजारला जाऊ’ म्हटलं की तीही पिशवी घेऊन निघाली. फ्रेंचमध्ये दोन्हीला ‘नू’, अरबीत ‘नह्नु’, इंग्रजीत एकच शब्द. आपल्या शेजारच्या तेलुगूत मात्र असे दोन शब्द आहेत, ‘मेमु’ आणि ‘मनमु’. दख्खनच्या भाषा शेकडो वर्षं एकमेकींशेजारी नांदल्या, म्हणून मराठीला ही रीत लाभली असं भाषेचे अभ्यासक सांगतात. हा फरक ध्यानात ठेवा, शेवटी कामाला येणार आहे.

शब्द फक्त बाहेरून आले असं समजू नका. इथूनही खूप गेले. संस्कृतातल्या शर्करेची आपल्याकडे साखर झाली. तोच शब्द इराणात गेला आणि ‘शकर’ झाला. अरबस्तानात ‘सुक्कर’, फ्रान्समध्ये ‘स्यूक्र’, इंग्रजीत ‘शुगर’. आपल्या वांग्याचंही तसंच. संस्कृतात त्याचं एक नाव वातिंगण होतं, त्यातूनच आपलं वांगं झालं. इराण्यांनी त्याला ‘बादिंगान’ केलं, अरबांनी ‘बादिंजान’, आणि स्पेनमार्गे जाता जाता फ्रान्समध्ये त्याचं ‘ओबेर्झीन’ झालं. नारिंग गेलं तेही असंच. अरबीत ‘नारंज’, स्पॅनिशमध्ये ‘नारांखा’, फ्रेंचमध्ये ‘ओरांझ’. आणि गंमत अशी की आज अरब लोक संत्र्याला ‘बुर्तुकाल’ म्हणतात, पोर्तुगाल देशाच्या नावावरून. आपल्या जालन्याच्या मोसंबीला तर भौगोलिक मानांकन मिळालं आहे, पण तिचं नाव आलं आफ्रिकेतल्या मोझांबिक देशावरून. पोर्तुगीजांनी आपल्याला आणखीही दिलं : पाव, बटाटा, चावी, आणि सगळ्यांच्या आवडीचा पगार.

कापसाचं बघा. आपला कापूस संस्कृत ‘कार्पासा’वरून. अरब त्याला ‘कुत्न’ म्हणतात. अरबीतून ते नाव फ्रेंचमध्ये ‘कोतों’ आणि इंग्रजीत ‘कॉटन’ झालं. स्पॅनिशमध्ये ‘अल्गोदोन’, त्यातला पुढचा ‘अल’ हा अरबी जोड आहे.

सर्वांत मोठं देणं शून्याचं. अरबांनी आपली अंक मांडायची पद्धत उचलली आणि शून्य या शब्दाच्या अर्थाचा ‘सिफ्र’ शब्द वापरला. सिफ्र म्हणजे रिकामं. तो युरोपात गेला आणि त्याच एका शब्दातून ‘झीरो’ही झाला आणि फ्रेंचमधला ‘शिफ्र’ म्हणजे आकडाही झाला. युरोपवाले त्या अंकांना अरबी अंक म्हणतात, अरब त्यांना हिंदी अंक म्हणतात. ज्यानं ज्याच्याकडून घेतलं, त्याचं नाव दिलं. मोजायच्या रीतीतही ओळख सापडते. आपल्याकडच्या म्हाताऱ्या विसावर मोजतात : ‘चार विसा’ म्हणजे ऐंशी. आज फ्रान्समध्ये शिकलेली बाईही ऐंशीला ‘कात्र व्हँ’ म्हणते, म्हणजे चार वीस! तेव्हा विसावर मोजणाऱ्या आजीला कुणी अडाणी म्हटलं तर हे सांगा.

आता मुद्द्याचं बोलू. हे सगळं कशासाठी सांगितलं? मैत्रिणींनो, न कळणारा शब्द हे कुलूप असतं. शब्द कुणाचा हा प्रश्न नसतो, किल्ली कुणाच्या हातात आहे हा प्रश्न असतो. निजामाच्या काळी कागद उर्दूत होता. जुने कागद मोडीतही होते. तेव्हा वाचणारा एक आणि ऐकणारे शंभर. हे जुनं झालं असं वाटेल, पण तसं नाही. २०२३ साली आपल्या अंबड तालुक्यात अंतरवाली सराटीला आंदोलन झालं. त्यानंतर निजामकाळातल्या कुणबी नोंदी शोधायला निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली. तेव्हा मोडी आणि उर्दू वाचणाऱ्यांचा शोध घ्यावा लागला. आरक्षणाचा प्रश्न हा आजचा विषय नाही. पण एका कागदावर घरच्या पोरांचा दाखला अवलंबून आणि तो कागद घरातल्या कुणालाच वाचता येत नाही, ही वेळ आपल्या जिल्ह्यातल्या किती घरांनी पाहिली, ते आपल्याला ठाऊक आहे.

आज कागद मराठीत आहे. तरी तो आपल्याला कळतो का? हक्कसोडपत्राचंच उदाहरण घ्या. हक्क हा शब्द अरबी, अर्थ ‘जे खरं आहे, जे आपलं आहे ते’. सोड हा शब्द मराठी, अर्थ सांगायला नको. वडील वारले की भाऊ सांगतो, ‘ताई, एक सही कर, वारसाचं काम अडलंय.’ वारस नोंद वेगळी आणि हक्कसोड वेगळी. वारस नोंदीत आपलं नाव चढतं. हक्कसोडीत आपलं नाव जातं. कागदात एक शब्द हमखास असतो, ‘राजीखुशीने’. राजी अरबी, खुशी फारसी. त्याचा अर्थ असा की मला हे मान्य आहे आणि मी आनंदाने देते आहे. तो शब्द आपल्या नावानं लिहिलेला असतो. तो खरा आहे का, हे सही करण्याआधी आपणच आपल्याला विचारायचं. मनापासून भावाला द्यायचं असेल तर जरूर द्या, तो आपला निर्णय आहे. पण न कळता दिलं तर त्याला देणं म्हणत नाहीत.

असेच आणखी शब्द. कब्जा म्हणजे ताबा, जमीन कसतंय कोण ते. मालकी म्हणजे जमीन आहे कुणाची ते. हे दोन एक नव्हेत. फेरफार म्हणजे सातबाऱ्यावरच्या नोंदीतला बदल. त्याची नोटीस निघते आणि हरकत घ्यायला १५ दिवस मिळतात. नक्कल म्हणजे कागदाची प्रत, ती मागायचा आपल्याला अधिकार आहे. बिनशर्त म्हणजे कुठलीही अट न घालता. हा शब्द दिसला की थांबायचं आणि दोनदा वाचायचं.

कायदा काय म्हणतो तेही थोडक्यात. हिंदू वारसा कायद्यात २००५ साली दुरुस्ती झाली आणि वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच हिस्सा मिळाला. ११ ऑगस्ट २०२० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की हा हक्क मुलीला जन्मानेच आहे, २००५ साली वडील हयात असायलाच हवेत असं नाही. इतर धर्मांच्या भगिनींचे वाट्याचे नियम वेगळे आहेत. आपल्याला कोणता नियम लागू आहे हे कळत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. तिथं बायकांना उत्पन्न न बघता मोफत सल्ला आणि वकील मिळतो. वकील हा शब्दही अरबीच. आपण ज्याच्यावर काम सोपवलं तो वकील. म्हणजे मालकीण आपण, तो आपल्या वतीनं बोलणारा.

आणि आता तो ‘आम्ही’ आणि ‘आपण’. लग्न झालेल्या लेकीला माहेरी म्हणतात, ‘आमचं शेत.’ सासरीही म्हणतात, ‘आमचं शेत.’ दोन्हीकडे ती ‘आम्ही’च्या बाहेर. ज्या दिवशी सातबाऱ्यावर तिचं नाव येतं, त्या दिवशी घरात ‘आपलं शेत’ असं म्हणावं लागतं. जगातल्या मोठमोठ्या भाषांना जो फरक बोलून दाखवता येत नाही, तो आपल्या भाषेत दोन शब्दांत दिसतो. तर तो नीट ऐकायला शिकू.

जाता जाता एक काम सांगतो. पुढच्या बैठकीला प्रत्येकीने घरातला एक कागद आणावा. सातबारा, कर्जाचा करार, विम्याचा कागद, जो असेल तो. त्यातला न कळलेला एकच शब्द मोठ्यानं वाचायचा. ज्या मैत्रिणीला ठाऊक असेल तिने अर्थ सांगायचा. दखनी बोलणाऱ्या मैत्रिणींना यातले बरेच शब्द आधीच कळतील, तेव्हा त्या दिवशी मास्तरीण त्या. कुणालाच आला नाही तर वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेवा आणि तलाठ्याला, बँकेच्या साहेबांना विचारा. विचारायची लाज बाळगू नका. शब्द त्यांनी लिहिला आहे, अर्थ सांगायचं कामही त्यांचंच. वर्षभरात मागच्या पानावर शंभर शब्द झाले तर तो आपला कोश झाला.

पुन्हा भेटू. तोवर वही सांभाळा, सही सांभाळा. नमस्कार.